रिकामी फ्रेम

पाहणीला आलेले सरकारी साहेब जीपमधून उतरायलाच तयार नव्हते. हे जंगल आपण पाहिलंय, म्हणाले. नाशिकला, एसी हॉलमध्ये, तेजस्विनीच्या पुरस्कार मिळालेल्या फिल्ममध्ये. सुंदर जंगल, माणसाचा वावर शून्य. गावाने जंगलावर सामूहिक हक्काचा दावा लावलाय, ठीक आहे. पण गाव हे जंगल वापरतं याचा पुरावा कुठाय? वापरत नाही याचा पुरावा मात्र होता. तेजस्विनीची फिल्म त्यांनी दाव्याच्या फायलीला जोडूनसुद्धा टाकली होती.

तेजस्विनी नाशिकच्या गंगापूर रोडला राहायची आणि सुरगाण्याच्या डोंगरात शूटिंग करायची. तिची पद्धत ठरलेली. जंगल दिसलं पाहिजे, माणूस दिसता कामा नये. माणूस आला की जंगल खोटं वाटतं, असं ती मुलाखतीत सांगायची आणि लोक टाळ्या वाजवायचे. प्रत्यक्षात ती माणसं हाकलायची. विनंती वगैरे काही नाही, हाकलायचीच. मोळीवाली मध्ये आली, शॉट गेला. गुराखी खोकला, आवाज गेला. गाईंच्या घंटांत तिने चिंध्या कोंबायला लावल्या होत्या. वाघदेवाचा ताजा शेंदूर लेन्समध्ये चमकतो म्हणून देवावर पाला टाकायला लावला होता. गावाने तेही केलं. पाहुणी आहे, उन्हातान्हात मरमर मरते, होऊ दे तिचं काम.

आता तीच साहेबांना कळवळून सांगत होती की माणसं होती, रोज होती, मीच त्यांना बाजूला केलं.

साहेब हसले. "मग पुरस्कार घेताना खोटं बोललात, का आता बोलताय?"

गावच्या समितीचा अध्यक्ष देवराम जीपला टेकून उभा होता. "ताई, तुमच्या सिनेमात आमच्या गावचं कुत्रंसुद्धा नाय," एवढंच तो म्हणाला. दावा फेटाळला गेला की पुढच्या उन्हाळ्यात मोहाची फुलं वेचणारी बाई चोर ठरणार होती. त्याच्या घरातलीसुद्धा.

तेवढ्यात तेजस्विनीला खालच्या उतारावर बाया दिसल्या. मोहाखाली वाकून फुलं वेचत होत्या. टोपली काखेत मारून भागीबाई सगळ्यांच्या पुढे. तेजस्विनी धावली. ट्रायपॉड रोवला, कॅमेरा चढवला. एक शॉट, बस. एक शॉट फायलीला लागला की झालं. साहेबांना जवळजवळ ओढतच तिने जीपमधून उतरवलं आणि स्क्रीनसमोर उभं केलं.

स्क्रीनवर मोहाचं झाड होतं. खाली फुलांचा सडा. बाई एकही नाही. डोंगरावर ट्रायपॉड उभा राहिलेला दिसला, तशा सगळ्या कुठल्या कुठे गेल्या होत्या.

"हेच तर मी म्हणतोय," साहेब म्हणाले आणि जीपकडे वळले.

खालून, एका जाड खोडामागून, भागीबाईचा खणखणीत आवाज आला.

"ताई, लपलो गं समद्या. पोरांची तोंडंपन दाबून धरलीत. कर चालू."