शेवटची जागा

काचेपलीकडे लेकीचा वर्ग उभा होता, चिप्स कसे होतात ते बघायला. इकडे आम्ही आठजणी सरकत्या पट्ट्यावरचे करपलेले चिप्स वेचत होतो. टोपी, मास्क, डोळे तेवढे उघडे. माझी जागा शेवटची. माझ्या हातून सुटलं की थेट पाकिटात.

लेकीनं हात हलवला. यातली आई कुठली, तिला कळेना.

"अगं, तुझी पोरगी!" म्हणत सातहीजणींनी कौतुकानं तिला हात केले. तेवढ्यात त्यांच्याकडून सुटलेले सगळे करपलेले माझ्यासमोर आले. मी दोन्ही हातांनी उपसत राहिले. मान वर करेपर्यंत वर्ग पुढे गेला होता.

घरी लेक म्हणाली, "सगळ्यांनी हात केला. कडेची एक बाई मात्र खडूस, बघितलंसुद्धा नाही. तू कुठली होतीस गं?"

"तिच्या शेजारची."