उसाच्या गाडीवरचा आवाज

"त्यातला भीमाचा आवाज तेवढा ऐकवा," सोनाबाई म्हणाली आणि चपला दाराबाहेर काढून फरशीवरच बसली.

सिद्रामप्पा सोलापुरातल्या एका माहितीपट काढणाऱ्या संस्थेचा ध्वनिसंग्रह सांभाळायचा. गिरणीचा भोंगा, ज्वारी राखणाऱ्यांच्या आरोळ्या, बैलांच्या घुंगरमाळा, सगळं डब्यांत, वर चिठ्ठ्या लावून. आठ वर्षांत एक डबा चुकीच्या फळीवर गेला नव्हता, आणि त्याचा त्याला थोडा ताठाही होता.

"कुठला भीमा, मावशी?"

"माजा ल्योक. श्रीपूरला ऊसतोडीला हुता. तितंच गाडीखाली गेला, दोन वर्सं झाली. परवा वैरागच्या बाजारात तुमचा शिनेमा दावला. लोकं पळत सांगाया आली, भीमा पडद्यावर बोलतोय म्हून. म्या न्हवते की तितं."

ती फिल्म सिद्रामप्पाला पाठ होती. त्यांच्याकडे चित्र आधी घेत, आवाज मागाहून भरत. उसाच्या गाडीवर बसून कांडं चघळणारा एक तरणा गडी जाता जाता कॅमेऱ्याकडे बघून हसला होता. तोंड हलतंय, म्हणून संस्थेच्या साहेबांनी त्याच्यासाठी दोन वाक्यं लिहून दिली. ती म्हणायला ऐनवेळी कोणी मिळेना, तेव्हा सिद्रामप्पानेच म्हटली.

आता हे आईला कोणत्या तोंडाने सांगायचं? त्याने गुपचूप रीळ चढवलं.

"आये, काळजी करू नगंस. पाडव्याला येतो मी."

सोनाबाईने पदर तोंडाशी धरला. "पुन्यांदा."

त्याने तीनदा लावलं. दर वेळी ती थोडी पुढे सरकत होती. चौथ्यांदा तिने टेपरेकॉर्डरवर हात ठेवला, पोराच्या पाठीवर ठेवावा तसा. सिद्रामप्पाला ते बघवेना. मेलेल्या लेकाच्या नावाने आईला फसवायचं, हे पाप तो कुठं फेडणार होता?

त्याने यंत्र बंद केलं. "मावशी, माफ करा. हा आवाज भीमाचा नाही. माझा आहे."

"त्येचा न्हाय, ते ठावं हाय की मला," सोनाबाई शांतपणे म्हणाली. "भीमा जल्माचा मुका हुता. तेवढं 'आये' म्हनल्यालं आनी येकदा लावा."