राहिलेला ळ

नवऱ्यानं, शिवरामनं, देवाघरी जाण्याआधी लिहून ठेवलेलं पत्र घेऊन हौसाबाई अंगणवाडीत आली. तिला अक्षरओळख नव्हती.

"वाचून दाखवा, ताई."

नमिताताईंनी कागदाला बोट लावलं. निळी शाई पाण्यासारखी हलली, बोट कुणाचं ते तिनं ओळखलं आणि ओळ उमटली : 'ताई, हे तुमच्यासाठी नाही. तिला शिकवा.'

पोस्टमननं हात लावला, सरपंचांनी लावला. त्यांनाही शाईनं तेच सांगितलं.

मग हौसाबाई रोज पोरांच्या रांगेत पाटी घेऊन बसू लागली. 'म' आला त्या दिवशी कागदभर म उगवले, चांदण्यांसारखे विखुरलेले. 'न' आला, तसे त्यांच्यामधून न उगवले. येईल तेवढंच अक्षर तिला दिसायचं. हळूहळू शब्द जुळले, नदी आली, होडी आली, तिचं लग्नाआधीचं नाव आलं. शिवराम रोज थोडं थोडं बोलू लागला.

"मावशी, आता एक ळ तेवढा राहिला," एका दुपारी ताई म्हणाल्या. "उद्या सगळं पत्र वाचाल."

हौसाबाईनं ओळींमधल्या मोकळ्या जागांवरून सावकाश बोट फिरवलं. मग पाटी पालथी घातली.

"तो नका शिकवू, ताई. ह्यांचं तेवढंच बोलायचं उरलंय."