मोटारीचं चित्र

बीडच्या स्टँडमागं विश्वेश्वरची जुनी टायपिंगची संस्था होती आणि समोरच बसवेश्वरचा नवा कॉम्प्युटर क्लास. विश्वेश्वरनंही ईर्षेनं एक कॉम्प्युटर आणून ठेवला, पण पोरं समोरच जायची. तिथं मोटारींच्या शर्यतीचा गेम होता. त्या मोटारींची घरघर रस्ता ओलांडून आली की विश्वेश्वरच्या पोटात दुखायचं.

शेवटी न राहवून तो समोर गेला. "गेम कुठल्या दुकानातून आणलास?"

"सांगतो की. आधी चहा घे," म्हणत बसवेश्वर चहा सांगायला बाहेर पडला.

सांगायचं नसलं की माणूस चहा पाजतो, हे विश्वेश्वरला पक्कं ठाऊक होतं. त्यानं खिशातली फ्लॉपी तिथल्या कॉम्प्युटरमध्ये घातली, पडद्यावरचं, गेम उघडायचं मोटारीचं चित्र तिच्यात उतरवून घेतलं आणि चहा न पिताच संस्थेत परतला.

इथं मोटार काही हलेना. फाइल सापडत नाही, एवढंच कॉम्प्युटर सांगत राहिला. तेवढ्यात बसवेश्वर दारात येऊन उभा राहिला. त्यानं पडद्याकडं पाहिलं, मग फ्लॉपीकडं.

"आरं, तू नुसती दुकानाची पाटी उचलून आणलीस. माल तिकडंच ऱ्हायला." त्यानं खिशातून सीडी काढून टेबलावर ठेवली. "पुण्याहून आणतानाच तुझ्यासाठी एक जास्तीची घेतलती. पण तू माझ्याकडं बघतोस कुठं?"

मोटार पळायला लागली. विश्वेश्वरच्या पोटात आता जास्तच दुखत होतं. पुण्याला आपण गेलो असतो, तर एकच सीडी आणली असती, हे त्याला कळत होतं. आणि बसवेश्वरलाही.