पेटीच्या तळातलं बाटिक

इंडोनेशियातल्या योग्यकर्ता शहरात एका कॅफेच्या दारात वेनिंग स्कूटरवरून उतरली, तेव्हा पार्किंगवाल्या म्हाताऱ्याने तिच्या कमरेचं बाटिक पाहून डोक्यावरची टोपी काढली.

"कोण गेलं, पोरी?"

दारात तिची वाट पाहणाऱ्या मैत्रिणी फिस्सकन हसल्या. हल्ली शहरातल्या साऱ्या पोरी पायात स्नीकर्स आणि कमरेला जुनं बाटिक गुंडाळून फोटो टाकत होत्या. वेनिंगनेही आजीच्या पेटीच्या तळातून हे काळं-तपकिरी कापड न विचारताच काढलं होतं. सकाळच्या फोटोवर दोन हजार बदाम पडले होते.

"कुणी नाही, आजोबा. फॅशन आहे ही."

"ही नक्षी आम्ही मयतावर पांघरतो," तो खालच्या आवाजात म्हणाला. "म्हातारी माणसं स्वतःसाठी आधीच घेऊन ठेवतात."

वेनिंगचा चेहरा खर्रकन उतरला. वर्षानुवर्षं आजी हे कापड कुणाला हात का लावू देत नव्हती, ते आत्ता कळलं. दोन हजार लोकांना तिने आजीचं मरण नेसून दाखवलं होतं.

कॉफी न पिताच ती घरी परतली. आजी ओट्यावर लसूण सोलत होती. वेनिंगने कापड सोडून तिच्यापुढे ठेवलं. मान काही वर होईना.

"चुकलं माझं, आजी. आत्ता धुऊन, इस्त्री करून ठेवते."

आजीने हात पुसले. कापडाचं टोक उचलून नाकाशी नेलं. त्याला घामाचा आणि वेनिंगच्या अत्तराचा वास येत होता.

"धुऊ नकोस गं," ती म्हणाली. "तुझा वास राहू दे त्याला. तेवढीच सोबत होईल मला."