ऊन येईपर्यंत

“अजून नाही,” वेसेल म्हणाला. कॅमेऱ्यावरून त्याने डोळा काढला नाही.

खिडकीपाशी खुर्चीत त्याची थोरली बहीण फेन्ना बसली होती. बाहेर आयसेल नदीवर ढग साचले होते. कोपऱ्यात डॉक्टर ओस्टिंगबाई बॅग पायांशी ठेवून बसल्या होत्या. त्यांच्या कॉफीचा दुसरा कप निवत होता.

आजचा दिवस फेन्नानेच ठरवला होता. दुखणं हाडांत उतरलं होतं आणि डॉक्टरांच्या हातून शांतपणे मरण घ्यायला तिथल्या कायद्याने तिला परवानगी दिली होती. तिची अट एकच. “आधी माझा भाऊ माझा एक शॉट घेईल. खिडकीच्या उजेडात. तो ‘झालं’ म्हणाला, की मग तुमचं काम, डॉक्टर.”

हॉलंडभर वेसेलचं नाव झालं होतं ते यापायीच. त्याच्या सिनेमात दिवा नसे. माणसाचा अर्धा चेहरा खिडकी उजळायची, अर्धा अंधारात बुडालेला असायचा, आणि लोक त्या अंधाराकडेच जास्त बघत. मनासारखा उजेड मिळेपर्यंत तो सगळ्यांना ताटकळत ठेवी. निर्माते कपाळाला हात लावत, नट पेंगत, आणि हा ढगांकडे बघत उभा.

“याच्या नादाने एका नटीचं बाळंतपण सेटवरच व्हायची वेळ आली होती, डॉक्टर,” फेन्ना म्हणाली. पेल्यातली अंड्याची दाट दारू ती चमच्याने चाखत होती.

“काहीतरीच. चांगली वेळेवर पोचली ती दवाखान्यात.”

“हो, आणि तू म्हणे तिला विचारलंस, उद्या येशील ना?”

डॉक्टर हसल्या, मग हसू आवरून खिडकीबाहेर पाहू लागल्या.

ढग फाटावा म्हणून वेसेलने जन्मभर धावा केला होता. आज तो फाटू नये म्हणून मनातल्या मनात हात जोडत होता.

ढग फाटला. नदीवरून ऊन आलं, खिडकी ओलांडून फेन्नाच्या हातावर चढलं, गालापर्यंत पोचलं. दुसरा गाल अलगद काळोखात गेला. असा उजेड त्याला उभ्या कारकिर्दीत क्वचितच मिळाला होता.

“अजून नाही,” तो म्हणाला.

डॉक्टरांनी त्याच्याकडे पाहिलं आणि बॅग खुर्चीखाली सरकवली.

“वेसेल,” फेन्ना हळूच म्हणाली, “माझ्या गालाला ऊन लागतंय रे.”

त्याने कॅमेऱ्याची स्वच्छच असलेली काच पुसली.

“ऊन उद्याही येईल. मधली रात्र माझ्याच्याने निघत नाही, राजा.”

वेसेलने पुन्हा कॅमेऱ्याला डोळा लावला. “हनुवटी जराशी वर घे.”

“मग हे मघाशीच सांगायचं की!” ती करवादली, आणि हनुवटी वर करून नदीकडे बघत राहिली.