सात नंबरचं पिस्तूल

मॅडमनी सात नंबरचं पिस्तूल स्वतः न उघडता काकांच्या पुढ्यात सरकवलं, आणि मिस्त्री हातातलं फडकं टाकून टेबलाकडे वळला.

दोन वर्षांत असं कधी घडलं नव्हतं. नेमबाजीच्या रेंजवरच्या या मुख्य शिक्षिका कुणाच्या शब्दावर विसंबत नसत. पिस्तुलांची दुरुस्ती करणारा मिस्त्रीच, ती रिकामी करून टेबलावर मांडणाराही तोच. तरी मॅडम रोज सकाळी एकेक पिस्तूल उचलून, उघडून, डोळ्यांनी बघायच्या. त्याच भरवशावर मिस्त्रीने आज हा उद्योग करून ठेवला होता. तोंडाने विचारायचं म्हटलं की त्याची बोबडी वळायची. म्हणून त्याने कागदाच्या कपट्यावर तीन शब्द लिहिले, त्याची बारीक सुरळी केली आणि सात नंबरच्या चेंबरमध्ये, जिथे गोळी बसते तिथे, सारून दिली. मॅडम उघडतील, एकट्या वाचतील, आणि काय तो सोक्षमोक्ष लागेल.

आता समोर काका उभे होते. दागिन्यांच्या दुकानावरचे पहारेकरी, पोट सुटलेले, साठीला टेकलेले. त्यांच्यामागे शिकायला आलेली आठ जणांची नवी तुकडी; आज पिस्तूल तपासायची पाळी त्यांची होती.

"मॅडम," मिस्त्री पुढे झाला, "सात नंबर जरा अडकतंय. मी बघून देतो."

"काल तर म्हणालात, लोण्यासारखं चालतंय."

मिस्त्री परत मागे झाला.

मॅडमनी शेजारचं जुनं पिस्तूल उचललं. नळी समोरच्या मातीच्या बांधाकडे, बोट चापापासून दूर. "याच्या मागे हा घोडा बघा. तो मागे ओढलेला असला की लांबूनही कळतं, हे तयारीत आहे. सात नंबरला घोडाच नाही. त्यात स्ट्रायकर असतो, म्हणजे गोळीवर आदळणारा खिळा, आतल्या आत, स्प्रिंगवर ताणलेला. बाहेरून काही पत्ता लागत नाही."

"म्हणजे घोड्याचं बरं," काका म्हणाले. "घोडा खाली दिसला की रिकामं."

"मुळीच नाही! घोडा खाली असला तरी आत गोळी असू शकते. दोन्ही भरलेलीच समजायची. दोन्ही उघडूनच बघायची."

मॅडम स्वतःही त्या सात नंबरसारख्याच, असं मिस्त्रीला फार दिवस वाटत आलं होतं. आत काय चाललंय, देव जाणे. त्याचं मात्र सगळंच बाहेर! मॅडम दुरुस्तीच्या खोलीत आल्या की कान लाल, हातातला स्क्रू जमिनीवर, आणि तो शोधायच्या निमित्ताने हा टेबलाखाली.

काकांनी पिस्तूल उचललं. नळी बांधाकडे धरली, बोट सरळ ठेवलं, आधी गोळ्यांचं मॅगझिन काढलं, मग वरची सरकती स्लाइड मागे ओढून अडकवली. अगदी शिकवल्याप्रमाणे. एरवी मिस्त्रीने त्यांची पाठ थोपटली असती.

"डोळ्यांनी बघा. मग करंगळीने चाचपा."

काकांची करंगळी आत गेली आणि तिथेच थांबली. "मॅडम, आत काहीतरी आहे."

आठही जण एक पाऊल मागे सरले. मॅडमनी वाकून पाहिलं. "कागद आहे. चिमट्याने काढा, पिस्तूल खाली ठेवा, आणि काय लिहिलंय ते वाचा."

काकांचा चष्मा घरी राहिलेला असू दे, अशी मिस्त्रीने मनोमन प्रार्थना केली. चष्मा खिशातच होता. काकांनी तो पुसला, नाकावर चढवला, घसा साफ केला.

"माझ्याशी लग्न कराल?" काकांनी खणखणीत आवाजात वाचलं. मग मॅडमकडे बघितलं. मग त्यांचा चेहरा पांढराफटक पडला. "अहो मॅडम, मला नातवंडं आहेत हो!"

झालं! तुकडीची हसून मुरकुंडी वळली. एक जण जमिनीवरच बसला. दुसऱ्याच्या कानांवरचे आवाजरोधक गळ्यात येऊन लटकले. "काका, हो म्हणा," कुणीतरी ओरडलं, आणि काका "घरी विचारावं लागेल" म्हणाले तेव्हा तर मिस्त्रीलाही हसू फुटलं. भीतीने फुटलेलं हसू ते, आवरता आवरेना. डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. हसत नव्हत्या त्या एकट्या मॅडम.

"हे कुणी ठेवलं?"

उत्तराची गरजच पडली नाही. मिस्त्रीचे कान टोमॅटोसारखे लाल झाले होते.

"मिस्त्री, गोळीशिवाय दुसरं काहीही चेंबरमध्ये जात नाही. आणि गोळीसुद्धा मी सांगितल्यावर. हा कागद तसाच राहून कुणी त्यावर गोळी भरली असती तर? आजपासून तीन महिने रेंजवर पाऊल टाकायचं नाही. ऑफिसात या."

मिस्त्री मान खाली घालून मॅडमच्या मागून गेला. हत्यारांच्या कपाटाची किल्ली त्याने टेबलावर ठेवली. मॅडम रजेचा कागद भरत होत्या, मान वर न करता. गेली दोन वर्षं तो सकाळची वाट बघत झोपायचा, ते फक्त इथे यायला मिळतं म्हणून. नकार तर मिळाल्यातच जमा होता, आता रोजचं दर्शनही गेलं.

"चूक झाली, मॅडम," तो कसाबसा म्हणाला. "पण तीन महिने फार होतात. पंधरा दिवसांवर आणा ना."

मॅडमनी सही केली, पेनाचं टोपण लावलं आणि पहिल्यांदाच वर बघितलं.

"वेडा आहेस का? पंधरा दिवसांत लग्नाचा हॉल तरी मिळतो का?"